सात म्हणजे सहाच, पण सात म्हणजे शून्य नाही: उणेपूर्ण सिद्धांत कसा वाचवायचा

तुझ्या कादंबरीतल्या गणिताबद्दल विचारताना तू सेकंड इयरला आहेस असं लिहिलंयस म्हणून सरळ अरे-तुरे करते, राग मानू नकोस. मी नाशिकरोडला गेली २३ वर्षं अकरावी-बारावीचं गणित शिकवते, आणि दर शनिवारी संध्याकाळी क्लासच्या वरच्या खोलीत पोरं जमवून गोष्टीचा खेळ चालवते. म्हणजे मी एक जग सांगायचं, फासे टाकायचे आणि पोरांनी त्या जगात जमेल तेवढा धुमाकूळ घालायचा. त्यामुळे खोटं गणित रचणं आणि ते दुसऱ्याच शनिवारी कुणीतरी मोडून हातात देणं, या दोन्हीचा मला भरपूर अनुभव आहे.

आधी तुझं म्हणणं मला नीट कळलंय का ते बघू. तुझ्या कादंबरीत साटवण नावाचं राज्य आहे, तिथे मोजदार नावाची मांत्रिकांची जात आहे आणि त्यांचा उणेपूर्ण सिद्धांत असा की मोजलेली कुठलीही रास स्वतःपेक्षा एकाने कमी असते आणि तरीही तेवढीच असते. कोठारात सात रांजण आहेत, मोजदाराने मोजले की ते सहा होतात आणि सातही राहतात, तो मधला एक रांजण मोजदार घरी नेतो आणि त्याला चोर म्हणता येत नाही कारण आकडा बदललेलाच नाही! आयडिया झकास आहे, खरंच. मग तुझ्या रूममेटने दोन ओळीत सगळ्याचा निकाल लावला. ७ = ६ असेल तर दोन्हीकडून ६ वजा कर, १ = ० आलं, आता दोन्हीकडे वाटेल त्या आकड्याने गुण, प्रत्येक आकडा शून्य. कोठार शून्य, राजाचं वय शून्य, पुस्तकाची पानं शून्य. आणि तू विचारतोयस की हा सिद्धांत गणिताने बरोबर आहे असं सिद्ध कसं करू.

सिद्ध करायची गरजच नाही रे. जग तुझं आहे, तू म्हणशील तो नियम. तुझी खरी अडचण वेगळी आहे, ती म्हणजे हा नियम पसरू कसा द्यायचा नाही. रूममेटने तुझा सिद्धांत खोटा पाडलेला नाही, त्याने तो एका रांजणावरून अख्ख्या राज्यात पसरवून दाखवला. आणि गंमत बघ, १ = ० असलेलं जग गणितात चालतं, बीजगणितात शून्य वलय म्हणून एक प्रकार असतो, त्यात एकच संख्या असते, तीच शून्य आणि तीच एक. तिथे कसलाच विरोधाभास नाही कारण भांडायला दुसरं कोणी शिल्लकच नाही. पण तिथे गोष्ट काय घडणार, डोंबल.

आता कोणता उपाय चांगला हे बरचसं तुझ्यावर अवलंबून आहे आणि ते मी इथे बसून ठरवू शकत नाही. सिद्धांत नुसता सजावटीला आहे का, म्हणजे एखादा म्हातारा पंडित मधूनच पुटपुटतो एवढंच, तर काहीच करू नकोस, रूममेटला चहा पाज आणि पुढे लिही. पण त्या नियमाच्या जोरावर कुणी श्रीमंत होत असेल, कुणी तुरुंगातून सुटत असेल, कुणी मरत असेल, तर वाचक हिशेब करणार. तू पाठवलेल्या चार चॅप्टरमध्ये मोजदार गब्बर झालेले दिसतायत, म्हणजे तू दुसऱ्या प्रकारात मोडतोस.

माझं स्वतःचं एक फसलेलं प्रकरण सांगते म्हणजे कळेल. काही वर्षांपूर्वी माझ्या खेळात मी एक किमयागार आणला होता. तो सोन्याचा भरीव गोळा कापायचा, पाच तुकडे करायचा, आणि तेच पाच तुकडे फिरवून जुळवून दोन गोळे बनवायचा, दोन्ही मूळ गोळ्याएवढेच. हे मी मनाने काढलेलं नाही, बानाख आणि तार्स्की या दोघा पोलिश गणितज्ञांनी १९२४ साली सिद्ध केलंय की घनगोळ्याचे मोजके तुकडे करून, न ताणता न दाबता, नुसते हलवून तेवढेच दोन गोळे होतात, आणि पुढे कळलं की पाच तुकडे पुरतात. मला वाटलं वा, अस्सल गणित, आता कोण बोट ठेवणार. अकरावीतल्या एका पोरीने हात वर केला आणि विचारलं, "मॅडम, हे दिवसातून किती वेळा करता येतं?" मी जोशात म्हणून बसले, "कितीही वेळा." झालं कल्याण. एकाचे दोन, दोनाचे चार, वीस वेळा दुप्पट केलं की १०,४८,५७६ गोळे. तिसऱ्या शनिवारी माझ्या जगात सोनं वाळूच्या भावात विकायला लागलं, राजाने पगार मिठात द्यायला सुरुवात केली आणि कुणालाच कुठल्याच मोहिमेवर जायचं नव्हतं, कारण कशासाठी जायचं? ती पोरगी आता सी.ए. करतेय, यात मला काही नवल वाटत नाही.

मी तेव्हा घाईघाईत "अमावस्येलाच जमतं" वगैरे ठिगळं लावली आणि ती अजिबात टिकली नाहीत, पोरं म्हणाली मॅडम हे तुम्ही आत्ता बनवलंत. घरी येऊन ते प्रमेय परत शांतपणे वाचलं तेव्हा लक्षात आलं की उत्तर त्यातच होतं, मीच बारीक अक्षरं वाचली नव्हती. त्या पाचांत असे विचित्र तुकडे असतात की त्यांना आकारमानच नसतं, म्हणजे शून्य आकारमान नव्हे हां, आकारमान हा प्रश्नच त्यांना लागू होत नाही. म्हणून तर जोडताना बेरीज गंडते, कारण मधल्या टप्प्यात बेरीज करायला आकडेच नाहीत. मग मी नियम केला की तुकडे सुटे असताना जवळ कुठेही तराजू असला तर तो तुकड्यांना वजन द्यायला बघतो आणि विद्या तिथेच बिनसते. शहरातल्या सगळ्या सराफांनी दुकानात दिवसरात्र तराजू टांगून ठेवायला सुरुवात केली. किमयागाराला आता तराजू नसलेली जागा शोधत रानोमाळ हिंडावं लागलं आणि तिथून खेळ पुन्हा जिवंत झाला, पोरांनी हा नियम एका शब्दाने तक्रार न करता मान्य केला. त्यानंतर मी एक गोष्ट पक्की केली की बंधन बाहेरून आणून चिकटवायचं नाही, विरोधाभास ज्या सांध्यावर उभा आहे तिथूनच ते काढायचं.

तर तुझा सांधा कुठला? रूममेटच्या दोन ओळी हळू वाच. त्याने बोलता बोलता तीन गोष्टी गृहीत धरल्यात. एक, दोन बाजू सारख्या असतील तर दोन्हीकडून तेवढंच काढलं तरी सारख्याच राहतात. दोन, दोन्हीकडे तेवढ्यानेच गुणलं तरी सारख्याच राहतात. आणि तीन, जी त्याने उच्चारलीसुद्धा नाही पण तुझ्या सिद्धांतातून सात ते शून्य असा जिना उतरायला लागतेच, ७ = ६ आणि ६ = ५ असेल तर ७ = ५. यातलं एक जरी तुझ्या राज्यात चालत नसेल तरी त्याचा जिना मधेच तुटतो. तुला फक्त कुठली पायरी काढायची ते ठरवायचंय, आणि प्रत्येक पायरीची किंमत वेगळी आहे.

पहिली वाट, कोठार अनंत कर. रांजण संपतच नसतील तर एक काढला तरी तेवढेच राहतात आणि हे शंभर टक्के खरं गणित आहे. सिंहस्थात पंचवटीतली एखादी धर्मशाळा डोळ्यापुढे आण, खोल्या १, २, ३ अशा न संपणाऱ्या, सगळ्या भरलेल्या. रात्री अकराला एक साधू दारात उभा. व्यवस्थापक काय करतो, प्रत्येकाला सांगतो पुढच्या खोलीत सरका, एकवाला दोनमध्ये, दोनवाला तीनमध्ये, पहिली खोली मोकळी. हिल्बर्ट या जर्मन गणितज्ञाने हे उदाहरण १९२० च्या दशकात व्याख्यानात हॉटेलचं म्हणून दिलं होतं. आणि आपल्याकडे तर भास्कराचार्यांनी बाराव्या शतकातच लिहून ठेवलंय, शून्याने भागलेल्या राशीला ते खहर म्हणतात आणि सांगतात की तिच्यात काही मिळवा किंवा काढा, ती बदलत नाही, जसं प्रलयात आणि सृष्टीच्या वेळी एवढे जीव आत गेले बाहेर आले तरी अच्युत तसाच राहतो. त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, त्यांचे ग्रंथ शिकवायला काढलेल्या मठाचा शिलालेख चाळीसगावजवळ पाटणला आहे, गाडी असेल तर एका दिवसात नाशिकहून जाऊन येता येतं. या वाटेची किंमत अशी की अनंतात वजाबाकी मोडते, अनंतातून अनंत काढलं की काय उरतं याला उत्तर नाही, आणि रूममेटचा पहिलाच दगड निखळतो. पण तुझ्या कोठारात सात रांजण आहेत, अनंत नाहीत, आणि गरिबाच्या सात रांजणांतला एक जातो यातच तुझ्या गोष्टीची धग आहे. अनंत कोठारातून एक गेला तर कोण रडणार? म्हणून ही वाट मी तुला देणार नाही, राजाच्या खजिन्यासाठी मात्र विचार कर.

दुसरी वाट लॉजिकच बदलायची. नेहमीच्या तर्कात एक विरोधाभास आत आला की काहीही सिद्ध होतं, आणि हे कसं होतं ते तुला माहीत पाहिजे. समज "रांजण सात आहेत" हे खरं आणि "रांजण सात नाहीत" हेही खरं. पहिल्यावरून "रांजण सात आहेत किंवा राजा बेडूक आहे" हे खरं झालं, कारण "किंवा"च्या एका बाजूने खरं असलं की पुरतं. आता दुसरं वाक्य सांगतं की रांजण सात नाहीत, म्हणजे ती बाजू पडली, उरलं काय, राजा बेडूक आहे. दोन ओळीत राजा तळ्यात. हे थांबवायचं तर "एक बाजू पडली म्हणजे दुसरी खरी" ही शेवटची उडी बंद करावी लागते, आणि अशी लॉजिकं खरोखर आहेत, ब्राझीलच्या न्यूटन दा कोस्टाने १९६३ मध्ये मांडली, ग्रॅहम प्रीस्टने १९७९ मध्ये वेगळ्या पद्धतीने, जिथे एखादं वाक्य खरं आणि खोटं दोन्ही असू शकतं पण त्याची घाण बाकी घरात जात नाही. भारी प्रकरण आहे. फक्त किंमत बघ, त्या उडीशिवाय तुझ्या राज्यात गुप्तहेर, वकील आणि वैद्य सगळे लंगडे होतात, कारण "हा नाही तर तोच" असं कुणालाच ठामपणे म्हणता येत नाही. तुझ्या तिसऱ्या चॅप्टरमध्ये कोतवाल नेमका असाच तपास करतो, म्हणजे तो चॅप्टर परत लिहावा लागेल.

इथे कुणीतरी हमखास येऊन सांगेल की हे सगळं आपल्या जैनांच्या सप्तभंगीत, म्हणजे सात तऱ्हेच्या विधानांच्या मांडणीत, आधीच आहे. मला स्याद्वाद फार आवडतो पण ती गोष्ट जरा वेगळी आहे. तिथे प्रत्येक विधानाला "स्यात्" लावलेलं असतं, म्हणजे एका बाजूने बघता आहे, एका बाजूने बघता नाही. आपला गोदाघाटावरचा दुतोंड्या मारुती घे ना, अलीकडून बघशील तर तोंड, पलीकडे जाऊन बघशील तरी तोंड, बाहेरगावचा माणूस चक्रावतो पण मूर्तीत विरोधाभास काही नाही, दोन बाजू आहेत इतकंच. तसं "मोजदाराच्या नजरेने सहा, मालकाच्या नजरेने सात" केलंस तर तुझं गणित एका मिनिटात सुटेल पण सिद्धांतातला चटकाही जाईल, वाचक म्हणेल एवढंच होय.

आता मी तुला जी वाट सांगणार आहे ती. तिसरी पायरी काढ, जिना उतरायची.

माझे मामा निफाडकडचे, कांदा पिकवायचे, लहानपणी त्यांच्याबरोबर ट्रॅक्टरवर बसून मी बाजारात जायचे. कांद्याचा भाव क्विंटलवर. आता क्विंटलभर कांद्यातून एक कांदा काढला तर क्विंटल क्विंटलच राहतो की नाही? कुठलाही मापाडी नाही म्हणणार नाही. मग त्यातून अजून एक काढला, अजूनही क्विंटलच. शंभर ग्रॅमचा एक कांदा धरला तर क्विंटलमध्ये हजार कांदे, आणि प्रत्येक पायरीवर "एकाने काय होतं" म्हणत हजार पायऱ्या उतरलास की हातात रिकामं पोतं. कुठल्या कांद्याला क्विंटल मोडला ते कुणी दाखवून देऊ शकत नाही. यावर बाजारात पूर्वीपासून लोकांनी पोट भरलंय, मामांच्या वेळी ज्या बाजारात जायचो तिथला एक व्यापारी प्रत्येक मापामागे थोडा कडता धरायचा, माती म्हणून, ओल म्हणून, घट म्हणून, आणि मामा काही बोलले तर म्हणायचा, "अहो एवढ्याने काय फरक पडतो?" एका मापाला काहीच पडत नव्हता, खरंच होतं त्याचं. घरी येऊन मामा वहीत बेरीज मांडायचे तेव्हा आठवड्यात पोतंभर गेलेलं असायचं. तुझा मोजदार मला वाचताक्षणी ओळखीचा का वाटला ते आता कळलं असेल.

यालाही गणितात जागा आहे. पॉइंकारे या फ्रेंच गणितज्ञाने वजनांचं उदाहरण दिलंय, १० ग्रॅम आणि ११ ग्रॅम हातात धरले तर फरक कळत नाही, ११ आणि १२ मध्येही कळत नाही, पण १० आणि १२ मध्ये कळतो. म्हणजे पहिलं दुसऱ्याएवढं, दुसरं तिसऱ्याएवढं, आणि पहिलं तिसऱ्याहून हलकं! आपल्या शाळेतल्या "बरोबर"ला हे चालत नाही, पण हाताला चालतं, डोळ्याला चालतं, बाजाराला चालतं. तुझ्या साटवणातलं "तेवढंच" हे असलं कर. सात तेवढेच जेवढे सहा, सहा तेवढेच जेवढे पाच, पण सात आणि पाच तेवढेच नाहीत. सिद्धांताचा एक शब्दसुद्धा बदलावा लागत नाही, "स्वतःपेक्षा एकाने कमी आणि तरी तेवढीच", फक्त ते "तेवढीच" पुढच्या पायरीवर वाहून नेता येत नाही.

रूममेटच्या प्रूफचं काय होतं ते करून बघू, कारण तो विचारणारच. सात तेवढेच सहा. दोन्हीकडून सहा वजा केले, एक तेवढाच शून्य. अरेच्चा, हे तर आपल्या नियमात बसतंच, एक आणि शून्य यात एकाचाच फरक आहे! हे त्याचं बरोबर आहे, कबूल करून टाक. आता तो म्हणेल साताने गुण. तिथे अडव त्याला. साताने गुणणं म्हणजे "एक तेवढाच शून्य" हे वाक्य सात वेळा एकमेकांवर रचणं, आणि रचताना प्रत्येक वेळचा तो एकाचा फरक साठत जातो, सातव्या वेळी तो सातचा झालेला असतो आणि सात काही एक नव्हे. दोन्हीकडून सारखंच काढता येतं, सारखंच मिळवता येतं, पण दोन "तेवढंच" एकावर एक ठेवता येत नाहीत. एक कांदा म्हणजे काही नाही, पण पोतंभर काही-नाही म्हणजे पोतं. बस, एवढाच नियम, आणि तुझं राज्य शून्यात बुडत नाही.

पण मला खरा आनंद झाला तो मधल्या त्या ओळीने. एक तेवढाच शून्य. आधी मी ती अडचण समजले होते आणि मग अंगावर काटा आला, अरे, हीच तुझी गोष्ट आहे. ज्या घरात एकच मूल आहे तिथे मोजदार आला आणि त्याने मोजलं तर? सात पोरांच्या घरात सहा उरली तर सिद्धांत म्हणतो तेवढीच. एका पोराच्या घरात काही उरत नाही आणि सिद्धांत तरीही तेच म्हणतो, तेवढीच. मग साटवणात एकुलतं मूल असलेल्या बायका मोजणीच्या दिवशी शेजारच्या पोरांना घरात आणून बसवत असतील. एकाच गाईचा मालक तिला मोजणीला दुसऱ्याच्या कळपात सोडत असेल. लोक "एक" हा शब्दच उच्चारत नसतील. आणि हे काही फार परकं नाही, मामांच्या खळ्यावर धान्य मापताना पहिल्या पायलीला ते कधी "एक" म्हणायचे नाहीत, "लाभ" म्हणायचे, मग दोन, तीन. माझी आजी नातवंडं मोजू द्यायची नाही, म्हणायची दृष्ट लागते. मी तेव्हा हसायचे. तुझं राज्य वाचल्यापासून वाटतंय की त्यांना मोजदार माहीत असावेत.

म्हणजे बघ, सांधा योग्य जागी तोडला की नियमातून चालीरीती आपोआप निघतात, तुला बसून कल्पना लढवाव्या लागत नाहीत. अमावस्येच्या ठिगळातून असं काही निघत नाही.

आता एक धोक्याची जागा. "एक मोजणी म्हणजे काय" हे तुला दारातच सांगावं लागेल, नंतर नाही. फ्रेगे हा जर्मन गणितज्ञ अख्खं अंकगणित तर्कावर उभं करणारा ग्रंथ लिहीत होता. १९०२ च्या जूनमध्ये इंग्रज तत्त्वज्ञ रसेलचं पत्र त्याला गेलं, अरे तुझ्या ग्रंथाच्या पायामध्येच विरोधाभास आहे म्हणून, तेव्हा त्या ग्रंथाचा दुसरा खंड छपाईत होता आणि बिचाऱ्याला मागे एक पुरवणी जोडून ते कबूल करावं लागलं. नंतर ज्यांनी ते दुरुस्त केलं त्यांनी काय केलं तर संचाच्या आत कोण येऊ शकतो याचा नियम दारावर लावला. दारावरचा अपवाद कसा दिसतो त्याचं सुंदर उदाहरण आपल्या देवळालीचं आहे, कापरेकर मास्तर, शाळेत शिकवता शिकवता संख्यांशी खेळायचे. चार अंकी संख्या घे, अंक उतरत्या क्रमाने लाव, त्यातून चढत्या क्रमाची वजा कर, आलेल्या उत्तराचं परत तेच कर. ३५२४ घेतली तर ५४३२ वजा २३४५ म्हणजे ३०८७, मग ८७३० वजा ०३७८ म्हणजे ८३५२, मग ८५३२ वजा २३५८ म्हणजे ६१७४, आणि पुढे कितीही कर, ६१७४ च येत राहतं. कुठलीही घे, जास्तीत जास्त सात फेऱ्या. फक्त चारही अंक सारखे नकोत, ११११ घेतलीस तर पहिल्याच फेरीत शून्य. हा अपवाद सुरुवातीलाच सांगितलेला आहे म्हणून कुणाला फसवल्यासारखं वाटत नाही, उलट नियमावर विश्वास बसतो. हाच अपवाद कुणीतरी ११११ घेऊन आल्यावर सांगितला असता तर ती पळवाट वाटली असती.

म्हणून पहिल्याच चॅप्टरमध्ये, मोजदार पहिल्यांदा दिसतो तिथे, हे तीन मुद्दे कुणाच्या तरी तोंडी टाक, भाषण नको, सहज बोलता बोलता. मोजणी कशाला म्हणायचं: माझं मत विचारशील तर मोठ्याने आकडा उच्चारला की मोजणी, मनातल्या मनात मोजलं तर नाही, नाहीतर प्रत्येक आईच्या मनात रोज अनर्थ होईल. एका राशीची मोजणी किती वेळा, आणि कुणी केली तर चालते: एका खेपेला एकाच मोजदाराने एकदा. आणि तुलना कशाशी होते, मोजणीच्या लगेच आधीच्या आकड्याशी की वर्षाच्या सुरुवातीच्या? हा तिसरा मुद्दा क्षुल्लक वाटेल पण सगळा कायदा त्यावर उभा आहे, कारण लगेच आधीच्या आकड्याशी तुलना केली तर मोजदार कधीच सापडत नाही आणि जुन्या वहीशी केली तर दुसऱ्याच खेपेला सापडतो. मामांची वही आठव. तुझ्या राज्यात जुन्या वह्या ठेवायला बंदी असणार, आणि कुणीतरी ठेवलेली असणार.

हातासरशी एक काम कर, पाचपासून शून्यापर्यंतचे आकडे कागदावर लिही आणि मोजदाराला एकेक खेप फिरव, प्रत्येक ठिकाणी कोण काय म्हणेल ते शेजारी लिही. मालक काय म्हणेल, मोजदार काय म्हणेल, वहीवाला काय म्हणेल. अर्ध्या तासाचं काम आहे. रूममेटलाही बसव, त्याला तोडायला आवडतं असं दिसतंय आणि असा माणूस फुकटात मिळत नाही. मी शनिवारची पोरं अशीच वापरते, नवीन नियम आधी त्यांच्यापुढे टाकते आणि गुपचूप चिवडा खात बसते.

आणि चौथ्या चॅप्टरमध्ये एक गोष्ट सापडली. पहारेकरी संध्याकाळी रांजण मोजून "सात" म्हणतो, मोजदार येऊन जातो, मध्यरात्री दुसरा मोजदार येतो, आणि पहाटे तोच पहारेकरी परत मोजून "पाच, म्हणजे तेवढेच" म्हणतो आणि झोपायला जातो. सात आणि पाच. हे तू घाईत लिहिलंयस की मुद्दाम, ते मला कळलं नाही. घाईत लिहिलं असशील तरी खोडू नकोस, फक्त त्याला झोपायला पाठवू नको. त्याच्या तोंडून "तेवढेच" हा शब्द निघता निघता अडकू दे.